फायलींची नावे बदलण्याआधी ती वाचून घ्या

वाचकाचे पत्र : आमच्या गावच्या सार्वजनिक वाचनालयाला पुढील वर्षी शंभर वर्षे पूर्ण होत आहेत आणि स्मरणिकेच्या संपादनाचे काम माझ्याकडे आले आहे. मी निवृत्त शिक्षिका आहे. माझ्या भाच्याने इंटरनेटवरून आणि गावातल्या लोकांकडून बरेच साहित्य जमवले, ते एका पेनड्राइव्हमध्ये भरून दिले आणि तो नोकरीसाठी परदेशी गेला. आता त्या फायलींची नावे पाहून मी गोंधळले आहे. काही नावे म्हणजे नुसते आकडे आहेत, काहींत टक्क्याच्या चिन्हांची लांबलचक रांग आहे, आणि एक जुना अहवाल उघडला तर रोमन अक्षरांचा निरर्थक मजकूर दिसतो. भाच्याने शोध घेताना वापरलेल्या ओळी वहीत लिहून ठेवल्या आहेत, त्यांचाही अर्थ लागत नाही. सगळ्या फायलींना सरळ मराठी नावे देऊन टाकावीत असे वाटते. तसे केले तर चालेल का? यांत काही धोकादायक असू शकते का? नावांची यादी सोबत जोडली आहे.

उत्तर :

सप्रेम नमस्कार.

आपण नावे बदलण्याआधी विचारले, याचा मला मनापासून आनंद झाला, कारण आपल्या यादीतील बहुतेक नावे निरर्थक नाहीत आणि ती पुसली गेली असती तर त्यांच्यासोबत काही माहिती कायमची गेली असती. पण त्या नावांकडे वळण्यापूर्वी तातडीची गोष्ट सांगतो. (येथे फायलींची नावे मी देवनागरीत लिहिली आहेत; आपल्या पडद्यावर ती रोमन लिपीत दिसतील.)

यादीतील ‘स्मरणिका डॉट पीडीएफ डॉट ईएक्सई’ आणि ‘निमंत्रण डॉट एपीके’ या दोन फायली कृपया उघडू नका. फाइल कोणत्या प्रकारची आहे हे नावातील शेवटच्या टिंबानंतरच्या अक्षरांवरून ठरते, त्याआधी काय लिहिले आहे यावरून नाही. पहिल्या नावात ‘पीडीएफ’ हा शब्द केवळ दिखाव्यासाठी आहे. खरा प्रकार ‘ईएक्सई’, म्हणजे संगणकावर चालणारा प्रोग्राम. विंडोज संगणकात ही शेवटची अक्षरे मुळात लपवलेली असतात आणि याच सवयीचा फायदा घेतला जातो. मे २००० मध्ये जगभर पसरलेला ‘आय लव्ह यू’ हा उपद्रवी प्रोग्राम प्रेमपत्राच्या साध्या मजकूर-फाइलचे नाव धारण करून आला होता. नावाच्या मध्यभागी ‘टीएक्सटी’ होते, शेवटी मात्र ‘व्हीबीएस’, म्हणजे तोही प्रोग्रामच. ‘एपीके’ म्हणजे अँड्रॉइड फोनवर बसवायचे ॲप. लग्नपत्रिकेच्या किंवा वाहतुकीच्या दंडाच्या नावाने अशी ॲप्स व्हॉट्सॲपवर पाठवून बँक खाती रिकामी करण्याचे प्रकार आपल्याकडे घडले आहेत. खरे निमंत्रण चित्र किंवा पीडीएफ असते, ते फोनमध्ये ‘इन्स्टॉल’ करावे लागत नाही. फाइल एक्स्प्लोररमधील ‘व्ह्यू’ या यादीतून ‘फाइल नेम एक्स्टेन्शन्स’ हा पर्याय चालू करा, म्हणजे प्रत्येक नाव शेवटपर्यंत दिसेल. या दोन फायली आपण किंवा कुटुंबातील कोणी आधीच उघडल्या असतील आणि खात्यातून पैसे गेले असतील, तर १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर लगेच फोन करावा. तेथे वेळेला फार महत्त्व असते.

आता उरलेल्या नावांविषयी. कोणतेही विचित्र नाव समोर आले की मी एकच प्रश्न आधी विचारतो : हे नाव कोणी दिले असेल? कॅमेऱ्याने, फोनने, एखाद्या संस्थेच्या यंत्रणेने, की घाईत असलेल्या माणसाने? देणारा ओळखला की नावाचे तुकडे आपोआप सुटे होतात, आणि त्यातला कोणता तुकडा विश्वासाचा आणि कोणता नाही हेही कळते. आपले काम इतिहासाचे आहे, त्यामुळे हा दुसरा भाग अधिक मोलाचा आहे.

छायाचित्रांपासून सुरुवात करू, कारण तेथे चूक होण्याचा संभव सर्वाधिक आहे. ‘आयएमजी-२०२३११०५-डब्ल्यूए०००७’ या नावातील ‘डब्ल्यूए’ म्हणजे व्हॉट्सॲप. मधले आठ आकडे वर्ष, महिना, दिवस या क्रमाने वाचावेत : ५ नोव्हेंबर २०२३. शेवटचा आकडा त्या दिवशी त्या फोनवर साठवलेल्या चित्रांतील अनुक्रम आहे. परंतु ५ नोव्हेंबर ही चित्र फोनवर आल्याची तारीख आहे, ते काढल्याची नव्हे. जुन्या वाचनालयाच्या उद्घाटनाचा कृष्णधवल फोटोसुद्धा त्या दिवशी पुढे पाठवला गेला की हेच नाव धारण करतो. उलट, मधे आडवी रेघ (हायफन) नसून खालची रेघ (अंडरस्कोर) असलेले आणि तारखेनंतर आणखी सहा आकडे असलेले नाव, उदाहरणार्थ ‘आयएमजी_२०१९०८१५_०८३२१०’, हे बहुधा फोनच्या कॅमेऱ्याने फोटो काढताच दिलेले असते. ते १५ ऑगस्ट २०१९, सकाळचे ८ वाजून ३२ मिनिटे १० सेकंद असे वाचता येते. फोनचे घड्याळ बरोबर असेल तर ही तारीख ग्राह्य धरायला हरकत नाही. पण मोबाइलने टिपलेला जुना छापील फोटो असेल, तर अर्थातच ही टिपल्याची तारीख होय.

‘डीएससी_००४३’, ‘डीएससीएन००४३’ किंवा ‘आयएमजी_००४३’ ही नावे डिजिटल कॅमेऱ्यांची. १९९८ साली जपानमधील उद्योगसंस्थेने कॅमेऱ्यांसाठी एक मानक ठरवले. त्यानुसार नावाची पहिली चार स्थाने कंपनीच्या मर्जीची आणि पुढची चार अनुक्रमांकाची. ९९९९ झाले की मोजणी पुन्हा ०००१ पासून सुरू होते, म्हणून लहान क्रमांकाचा फोटो आधीचा, असे गृहीत धरू नये. आपल्या यादीत ‘पी१०१००२३’ असेही एक नाव आहे आणि ते फसवे आहे. पॅनासॉनिकच्या कॅमेऱ्यात ‘पी’नंतरचे तीन आकडे फोल्डरचा क्रमांक दाखवतात, तर ऑलिम्पसच्या कॅमेऱ्यात त्याच जागी महिना आणि दिवस असतात. एकाच नावाचा अर्थ एके ठिकाणी ‘१०१ क्रमांकाच्या फोल्डरमधील तेविसावा फोटो’ होतो आणि दुसरीकडे ‘१ जानेवारी’. त्यातही कॅमेऱ्याची तारीख लावलेली नसेल तर अनेक कॅमेरे १ जानेवारीच धरून चालतात. अशा फोटोवर उजवी कळ दाबून ‘प्रॉपर्टीज’ आणि त्यातील ‘डिटेल्स’ पाहिले की कॅमेऱ्याचे नाव व नोंदलेली तारीख दिसते. व्हॉट्सॲपवरून चित्र म्हणून आलेल्या फोटोत मात्र ही माहिती उरत नाही आणि चित्राचा दर्जाही घटतो. म्हणून छापण्यासाठी निवडलेले फोटो ज्यांच्याकडून आले त्यांना मूळ फाइल ‘डॉक्युमेंट’ म्हणून पुन्हा पाठवण्याची विनंती करावी. हे काम कंटाळवाणे आहे, पण स्मरणिकेतील छपाई पाहताना आपल्यालाच त्याचे समाधान वाटेल.

लांब आकडे खालच्या रेघांनी जोडलेली आणि शेवटी ‘_एन’ असलेली नावे फेसबुकवरून उतरवलेल्या चित्रांची आहेत. तसेच बत्तीस, चाळीस किंवा चौसष्ट अक्षरांची, फक्त आकडे आणि ए ते एफ ही अक्षरे असलेली नावे यंत्राने फाइलच्या आशयावरून काढलेली खूण असू शकतात. या दोन्ही प्रकारांतून आपल्याला काही वाचता येणार नाही. त्यांवर वेळ घालवू नका.

पुस्तकांच्या फायली मात्र जपण्यासारख्या आहेत. ‘इन डॉट अर्नेट डॉट डीएलआय डॉट २०१५’ आणि पुढे पाच-सहा आकडे, अशा नावाच्या ज्या पीडीएफ आपल्याकडे आहेत, त्या ‘डिजिटल लायब्ररी ऑफ इंडिया’ या प्रकल्पात स्कॅन झालेल्या आणि नंतर ‘इंटरनेट अर्काइव्ह’ या ऑनलाइन संग्रहावर ठेवलेल्या पुस्तकांच्या आहेत. नावाचा पहिला भाग म्हणजे त्या प्रकल्पाच्या संकेतस्थळाचा पत्ता उलट क्रमाने लिहिलेला आहे. ‘अर्नेट’ हे १९८६ साली सुरू झालेले शिक्षण आणि संशोधन संस्थांचे भारतीय संगणकजाळे. शेवटचे आकडे त्या पुस्तकाचा क्रमांक. मधले २०१५ पाहून ते प्रकाशनवर्ष आहे असे कोणालाही वाटेल, आणि स्मरणिकेच्या संदर्भांत तसे छापले गेले तर १९२५ चे पुस्तक २०१५ चे होऊन बसेल. ते वर्ष नाही. त्या संग्रहातील हजारो पुस्तकांच्या नावात तो आकडा तसाच येतो. प्रकाशनवर्ष केवळ पुस्तकाच्या मुखपृष्ठामागील पानावरून घ्यावे. तेथे शके दिलेला असल्यास त्यात ७८ मिळवावेत, आणि महिना पौषापासून फाल्गुनापर्यंतचा असेल तर बहुधा ७९. म्हणजे शके १८४७ चा चैत्र १९२५ मध्ये येतो आणि त्याच शकातील फाल्गुन १९२६ मध्ये.

या संग्रहातील शीर्षकांचे रोमन लेखनही आपल्याला विचित्र वाटले असेल. त्यालाही पद्धत आहे. दीर्घ स्वरांसाठी अक्षर दोनदा येते, म्हणजे ‘आ’साठी दोन ए आणि ‘ई’साठी दोन आय, ‘ट’ लिहायला टीच्या पुढे वरच्या बाजूला एक छोटा स्वल्पविराम दिला जातो, अनुस्वारासाठी एनपुढे तशीच खूण येते, ‘ष’साठी एसपुढे दोन एच, आणि ‘कृ’मधल्या ऋकारासाठी आर व एक्स. हे एकदा लक्षात आले की ‘मराठ्यांच्या’ हा शब्द त्या रूपात ओळखता येतो, आणि नेहमीच्या रोमन स्पेलिंगने न सापडलेली पुस्तके या स्पेलिंगने शोधल्यास सापडतात. आपल्या भाच्याच्या वहीतील दोन ओळी नेमक्या याच कारणासाठी तशा लिहिलेल्या आहेत. त्या चुकीच्या नाहीत.

नुसत्या अठरा आकड्यांच्या पीडीएफ म्हणजे महाराष्ट्र शासनाचे शासन निर्णय. प्रत्येक निर्णयाच्या अखेरीस, स्वाक्षरीच्या आधी, तो शासनाच्या संकेतस्थळावर उपलब्ध असल्याचे सांगून त्याचा संकेतांक दिलेला असतो. फाइलचे नाव तेच आहे. पहिले आठ आकडे वर्ष, महिना, दिवस असे वाचता येतात, म्हणजे २०१६०११९ ने सुरुवात असेल तर १९ जानेवारी २०१६. शेवटचे दोन आकडे विभागाचे असतात, त्यामुळे एकाच विभागाचे निर्णय त्यांवरून पटकन वेगळे काढता येतात. संदर्भ देताना मात्र निर्णयाच्या माथ्यावर छापलेला क्रमांक आणि दिनांकच द्यावा, आणि सोबत संकेतांक द्यावा, म्हणजे पन्नास वर्षांनी कोणाला तो निर्णय शोधायचा झाला तर सोपे जाईल.

टक्क्याच्या चिन्हांची रांग ही मराठीच आहे, हे वाचून आपल्याला बरे वाटेल. अशी नावे इंटरनेटच्या पत्त्यांतून आलेली असतात, आणि त्या पत्त्यांची रचना मुळात रोमन अक्षरे, आकडे आणि मोजकी चिन्हे एवढ्यांवर झाली. बाकीचे प्रत्येक अक्षर टक्क्याचे चिन्ह आणि त्यापुढे दोन खुणा अशा तुकड्यांत लिहावे लागते. देवनागरीतील प्रत्येक अक्षराला किंवा मात्रेला असे तीन तुकडे लागतात, म्हणून ‘मराठी’ या छोट्या शब्दाची, म, र, काना, ठ आणि दीर्घ वेलांटी मिळून, पंचेचाळीस चिन्हे होतात. टक्का, ई, शून्य, टक्का, ए, चार अशी सुरुवात वारंवार दिसली की तेथे देवनागरी आहे हे ओळखावे. तो पत्ता ब्राउझरच्या पत्त्याच्या पट्टीत डकवला की बहुधा मराठी शब्द वाचता येतात. टक्का-वीस म्हणजे शब्दांमधली मोकळी जागा. टक्क्यापुढे पंचवीस आणि लगेच वीस दिसले तर पत्त्याचे हे रूपांतर दोनदा झाले आहे आणि दुवा बहुधा उघडणार नाही. मधले पंचवीस काढून पाहावे. पत्त्यातील प्रश्नचिन्हानंतर ‘यूटीएम’ किंवा ‘एफबीसीएलआयडी’ने सुरू होणारा भाग असेल, तर वाचक कोठून आला याची ती जाहिरातदारांसाठीची नोंद आहे. तो भाग काढला तरी पान उघडते, आणि छापील स्मरणिकेत तो येता कामा नये. मात्र प्रश्नचिन्हानंतरचे सगळेच काढू नका. यूट्यूबच्या पत्त्यात ‘व्ही बरोबर’ यानंतरची अकरा चिन्हे हीच त्या चित्रफितीची ओळख असते.

आता शोधाच्या ओळी. वहीतील एक ओळ अशी आहे : साइट, विसर्गासारखी दोन टिंबे, शासनाच्या संकेतस्थळाचा पत्ता, मग फाइलटाइप, पुन्हा दोन टिंबे, पीडीएफ, मग अवतरणचिन्हांत ‘सार्वजनिक ग्रंथालय’, आणि शेवटी वजाचे चिन्ह जोडून ‘भरती’. याचा अर्थ, फक्त या संकेतस्थळावर शोध, फक्त पीडीएफ दाखव, हे दोन शब्द याच क्रमाने शेजारी असलेले शोध, आणि नोकरभरतीची पाने वगळ. साइट आणि फाइलटाइप हे शब्द रोमन लिपीतच लिहावे लागतात, आणि दोन टिंबांनंतर किंवा वजानंतर जागा सोडली तर सूचना निकामी होते. भाच्याने ‘वाचनालय’ऐवजी ‘ग्रंथालय’ लिहिले याचेही कारण आहे : १९६७ च्या महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय अधिनियमापासून सरकारी कागदांत हाच शब्द रूढ आहे. पण जुन्या काळातील उल्लेख त्याने मिळणार नाहीत. एकोणिसाव्या शतकात अनेक गावांत ‘नेटिव्ह जनरल लायब्ररी’ निघाल्या. पुणे नगर वाचन मंदिराची सुरुवातही १८४८ साली अशाच नावाने झाली. आपल्या वाचनालयाचे आधीचे नाव काय होते हे इतिवृत्तांत पाहून त्या नावानेही शोध घ्यावा.

मराठीत शोधताना आणखी तीन अडचणी येतात आणि त्या भाच्याच्या वहीत दिसत नाहीत. अवतरणचिन्हांत शब्द दिला की विभक्तीची रूपे सुटू शकतात. ‘वाचनालय’ शोधताना ‘वाचनालयाचा’ किंवा ‘वाचनालयास’ राहून जातात, म्हणून ती रूपेही स्वतंत्रपणे शोधावीत. दुसरे म्हणजे, १९६२ पूर्वीच्या लेखनात अनुस्वार सढळ होते, ‘नांव’, ‘गांव’, ‘कांहीं’, ‘शाळेंत’. जुन्या नियतकालिकांचा मजकूर कोणी जसाच्या तसा टंकित केला असेल तर नव्या लेखनाने तो हाती लागत नाही. तिसरी अडचण डोळ्यांना दिसतच नाही : ‘दुसऱ्या’मधला ‘ऱ्या’ संगणकात दोन वेगळ्या पद्धतींनी लिहिला जातो, पडद्यावर दोन्ही सारखे दिसतात, पण शोधयंत्रणेला ते वेगळे वाटू शकतात. गावच्या किंवा संस्थेच्या नावात असे अक्षर असेल तर ते टाळून नावाचा उरलेला भाग शोधावा.

आपल्या मुख्य प्रश्नाचे उत्तर आता देतो. नावे जरूर द्या, पण प्रतीला. पेनड्राइव्हमधील मूळ फोल्डर जसेच्या तसे दुसरीकडे साठवून त्याला हात लावू नका. दुसऱ्या प्रतीत नवी नावे द्या. वाचनालयात दाखल नोंदवही असते तशीच या फायलींची एक वही करा : मूळ नाव, कोणाकडून किंवा कोठून मिळाली, कधी मिळाली, आत काय आहे, नवे नाव. नव्या नावाची सुरुवात तारखेने करावी आणि तारीख वर्ष-महिना-दिवस या क्रमाने लिहावी, म्हणजे यादी आपोआप कालानुक्रमे लागते. ‘०५-०१-२०२४’ अशा लेखनात जानेवारी की मे, हा वाद पुढे कायम राहतो. स्कॅन करणाऱ्या ॲपने दिलेल्या नावांत आपल्याला तो दिसलाच असेल. तारखेबद्दल खात्री नसेल तर फक्त वर्ष द्यावे, वर्षही माहीत नसेल तर ‘अज्ञात’ लिहावे. अंदाजाने घातलेली तारीख पुढच्या माणसाला खरीच वाटते. मराठीत नावे दिली तरी आजच्या संगणकावर चालतात, तरीही छापखान्याकडे पाठवायच्या फायलींना मी रोमन नावे देण्याचाच सल्ला देईन, कारण फायली एकत्र बांधून पाठवताना देवनागरी नावे अजूनही काही ठिकाणी विस्कटतात. तिरकी रेघ, प्रश्नचिन्ह, अवतरणचिन्ह आणि दोन टिंबे विंडोज नावात स्वीकारत नाही.

राहिला तो न वाचता येणारा अहवाल. तो खराब झाला आहे असे समजून टाकून देऊ नका. देवनागरीसाठी युनिकोड (प्रत्येक अक्षराला सर्व संगणकांवर एकच ठरलेला क्रमांक देणारी पद्धत) सर्वत्र रुळण्यापूर्वी आपल्याकडचे मराठी टंकलेखन श्रीलिपी, आकृती, आयएसएम, कृतीदेव अशा सॉफ्टवेअर आणि फॉण्टांत होत असे. त्यांत संगणकात रोमन अक्षरेच साठत आणि फॉण्ट त्यांवर मराठी आकार चढवी. कृतीदेवमध्ये ‘मराठी’ लिहिलेली फाइल तो फॉण्ट नसलेल्या संगणकावर ई, जे, के, मोठी बी, एच अशी दिसते. फाइल वर्डमध्ये उघडून मजकुरावर क्लिक केले की फॉण्टच्या चौकटीत मूळ नाव दिसते. तेथे ‘श्री-देव’, ‘डीव्हीबी-टीटी’ किंवा ‘कृतीदेव’ असे काही असेल. ते नाव टिपून घ्या आणि फाइल ‘सेव्ह’ न करता बंद करा. (प्रत्येक अक्षरासाठी तीन-तीन परदेशी चिन्हे आणि त्यांत वर तिरका फराटा असलेला ए पुन्हा पुन्हा दिसत असेल, तर गोष्ट वेगळी आहे : तो युनिकोड मजकूर आहे, फक्त चुकीच्या पद्धतीने उघडला गेला आहे, उघडताना ‘यूटीएफ-८’ हा पर्याय निवडावा.) अहवाल ज्या छापखान्यात किंवा डीटीपी केंद्रात तयार झाला तेथे आधी विचारा, कारण त्यांच्याकडे ते सॉफ्टवेअर आणि युनिकोडमध्ये बदलण्याची सोय असण्याची शक्यता सर्वाधिक आहे. फॉण्टचे नेमके नाव सांगितल्याखेरीज रूपांतर नीट होत नाही. मजकूर हाती आल्यावर तो वाचनालयातील छापील प्रतीशी ओळीने ताडून पाहावा. रफार, जोडाक्षरे आणि आकडे रूपांतरात हमखास बिघडतात. सभासदसंख्या, वर्गणी आणि देणगीदारांची नावे असलेली पाने दोघांनी मिळून, एकाने मोठ्याने वाचून आणि दुसऱ्याने पाहून तपासावीत.